गणपतीच्या मखराचा घुमट: 128 पृष्ठांचं मॉडेल आणि तीन ए-फोर कागद

आमच्या सोसायटीचा गणपती, डोंबिवलीत. मूर्ती दीड फुटी, मागे पडदा, आणि वर मेघडंबरीसारखं मखर करायचं असं मीटिंगमध्ये ठरलं. सहा खांब, त्यावर अष्टकोनी पट्टा, पट्ट्यावर गोल घुमट, घुमटाच्या पायाशी कमळाच्या पाकळ्या आणि वर कळस. पूर्वी हे सगळं थर्माकोलमध्ये व्हायचं, गरम तारेने कापायचं, जाड ठोकळा घ्यायचा आणि नको तेवढं काढून टाकायचं. 23 मार्च 2018 च्या अधिसूचनेने राज्यात थर्माकोल बंद झालं आणि तेव्हापासून पुठ्ठा-कागद आला, पण कागदाचं काम थर्माकोलसारखं होतच नाही. कागदाला आतून भरीव काही नसतं, फक्त वरची कातडी करायची असते, आणि ती कातडी आधी सपाट कापून मग गोल करायची असते. खरा प्रश्न तिथेच सुरू होतो आणि हे सगळं लिहायला घेतलंय ते त्याच भागासाठी, कारण मखरांचे फोटो सगळीकडे दिसतात पण सपाट साचा कसा काढला ते कोणी नीट सांगत नाही.

दुसऱ्या मजल्यावरचा मुलगा इंजिनिअरिंगला आहे, त्याने ब्लेंडर या थ्री-डी सॉफ्टवेअरमध्ये मॉडेल केलं आणि खरंच सुंदर केलं. घुमट एकदम गुळगुळीत, 64 उभे भाग आणि 16 आडवे, म्हणजे नुसत्या घुमटाची 1024 पृष्ठं (पृष्ठ म्हणजे इथे पान नव्हे, मॉडेलचा एकेक सपाट पैलू). तो म्हणाला, "काका, यात पेपर मॉडेलचं अ‍ॅड-ऑन आहे, एक्स्पोर्ट दाबलं की पीडीएफ येते, मग प्रिंट काढायची आणि चिकटवायचं." त्याचं चूक नव्हतं, अ‍ॅड-ऑन खरंच आहे, एक्स्पोर्ट पेपर मॉडेल नावाचं, आणि विंडोजवर पेपाकुरा डिझायनर पण हेच काम करतं. दाबून बघितलं. पानंच्या पानं आली, प्रत्येक पानावर वेगळ्या आकाराचा तुकडा, कुठे त्रिकोणांची शेपटी, कुठे आडवा पसरलेला दातेरी पट्टा, प्रत्येक कडेवर नंबर. गणिताने ते सगळं बरोबर होतं, ते नंबर जुळवत एखाद्याने एकट्याने बसून चिकटवलं असतं तर घुमट झालाच असता. पण आमच्याकडे चिकटवणार कोण होतं, तर संध्याकाळी खाली जमणारी दहा-बारा वर्षांची मुलं, दोन-तीन आजी-आजोबा आणि ऑफिसमधून उशिरा येणारे आम्ही. अशा हातांना नंबरांचं कोडं देऊन चालत नाही.

हे मला फार महत्त्वाचं वाटतं म्हणून आधीच सांगतो. सॉफ्टवेअर मॉडेल उलगडतं, म्हणजे कापून सपाट करतं, तेव्हा ते एकच बघतं की तुकडा पानात मावतो का आणि स्वतःवर चढत नाही ना. काप कुठे द्यायचा हे आपण ठरवायचं असतं, आणि ते ठरवताना गोंद लावणारा हात डोळ्यासमोर पाहिजे.

थोडं गणित सांगतो, कारण त्याशिवाय पुढचे निर्णय पटणार नाहीत. कुठलंही कोनदार मॉडेल सपाट करायचं म्हणजे काही कडा कापायच्या आणि काही कडांवर घडी ठेवायची. आमचा घुमट शेवटी 128 पृष्ठांचा झाला, ती एकाच अखंड तुकड्यात ठेवायची असतील तर बरोबर 127 घड्या राहतात, बाकीच्या सगळ्या कडा कापाव्या लागतात. कुठल्या 127 ठेवायच्या याचे पर्याय प्रचंड आहेत आणि त्यातले बरेच उलगडल्यावर एकमेकांवर चढतात. अशी सपाट जाळी काढून घन दाखवायची पद्धत जर्मन चित्रकार आल्ब्रेख्ट ड्यूररने 1525 मध्ये छापली. त्यानंतर साडेचारशे वर्षांनी, 1975 मध्ये शेफर्ड नावाच्या गणितज्ञाने विचारलं की प्रत्येक बहिर्वक्र (कुठेही आत न दबलेला) घन नुसत्या कडा कापून, तुकडे न चढता, अखंड उलगडतोच का, आणि त्याचं उत्तर आजपर्यंत कोणाला सिद्ध करता आलेलं नाही. म्हणजे बटण दाबल्यावर उत्तम उलगडा येईल ही अपेक्षाच धरू नये, ते बटण फक्त एक चालणारा उलगडा देतं.

आणि घुमटाची दुसरी अडचण अशी की तो मुळात सपाट होतच नाही. गणितज्ञ गाउसने 1827 मध्ये हे मांडलं की पृष्ठभागाची स्वतःची वक्रता ताणल्याशिवाय किंवा फाडल्याशिवाय बदलत नाही. कागद ताणला जात नाही. दंडगोल आणि शंकू कागदातून वळतात कारण ते एकाच दिशेने वळलेले असतात, गोल मात्र दोन्ही दिशांनी वळलेला असतो. त्यामुळे घुमट करायचा म्हणजे त्याचे असे पट्टे पाडायचे की प्रत्येक पट्टा एकाच दिशेने वळेल, आणि दुसऱ्या दिशेची वळणं सांध्यांवर ढकलायची. पृथ्वीगोल करणारे हेच करत आलेत, 1507 चा नकाशाकार वाल्डझेमुलरचा छापील गोल 12 पट्ट्यांचा आहे.

आमच्याकडे हे सगळ्यात आधी कळलं ते तळमजल्यावरच्या काकूंना. त्या ब्लाउज-परकर शिवतात. स्क्रीनवर मी एक उभा पट्टा वेगळा करून दाखवला आणि त्या लगेच म्हणाल्या, "अहो भाऊ, या कळ्या आहेत, घागऱ्याला लावतो तशा. किती कळ्यांचा करताय?" तिथून पुढे सगळे कळ्याच म्हणायला लागले, मीही तेच म्हणतो.

तर किती कळ्या? आधी घुमटाचं माप. टेबल तीन फूट खोल, म्हणजे 91 सेंमी. त्यावर अष्टकोनी पट्टा समोरासमोरच्या बाजूंमध्ये 90 सेंमी, आणि पाकळ्यांना बसायला दोन्हीकडून 2-2 सेंमी सोडून घुमटाचा व्यास 86, त्रिज्या 43. आठ कळ्या घेतल्या तर प्रत्येक कळी पायाशी जवळपास 33 सेंमी रुंद होते आणि तिची मधली रेघ खऱ्या गोलापेक्षा 3.3 सेंमी आत जाते, घुमट लांबूनही अष्टकोनी दिसतो. सोळा घेतल्या तर पायाशी रुंदी 16.8 सेंमी आणि मधली रेघ जेमतेम 8 मिमी आत. बत्तीस घेतल्या तर आणखी गोल दिसेल पण सांधे दुप्पट, चिकटवायचं काम दुप्पट, आणि प्रत्येक सांध्यात अर्धा मिमी जरी इकडेतिकडे झालं तरी पूर्ण फेरीत दीड सेंमी जमा होतो. सोळा ठरल्या.

आता मॉडेल. त्या मुलाचा 64 भागांचा घुमट डेसिमेट करून (पृष्ठं आपोआप घटवणारी ब्लेंडरमधली सोय) कमी करावा असं आधी वाटतं, पण डेसिमेट पृष्ठं कमी करताना सारखेपणा मोडतं, एक कळी दुसरीसारखी राहत नाही, आणि आम्हाला तर नेमका तो सारखेपणाच हवा होता. म्हणून नवीन यूव्ही स्फिअर, म्हणजे ब्लेंडरमधला तयार गोल घेतला, 16 सेगमेंट, 16 रिंग, खालचा अर्धा काढून टाकला, राहिली 16 गुणिले 8 म्हणजे 128 पृष्ठं. अशा गोलाची चौकोनी पृष्ठं समलंब असतात आणि ती अचूक सपाट असतात, त्यामुळे उलगडताना तिथे काही पिळवटत नाही. स्केल अप्लाय केला, म्हणजे लहान-मोठं केलेलं माप मॉडेलमध्ये पक्कं केलं, नाहीतर मापं गडबडतात. मग सोळाही उभ्या रेघा निवडून मार्क सीम, म्हणजे इथे कापायचं अशी खूण. आडवी एकही रेघ सीम नाही. पुन्हा एक्स्पोर्ट केल्यावर आल्या सोळा कळ्या, सगळ्या अगदी एकसारख्या.

सगळ्या एकसारख्या म्हटल्यावर सोळा छापायची गरजच नाही! एक छापायची आणि तिचा साचा करायचा. कळीची लांबी मधोमध साधारण 67 सेंमी, रुंदी चिकटपट्टीसकट (गोंद लावायला कडेला सोडलेली कागदाचीच पट्टी) 18 सेंमी, म्हणजे ए-फोरच्या 21 सेंमी रुंदीत ती बसते आणि लांबीला तीन पानं जोडली की झालं. 128 पृष्ठांचा घुमट तीन ए-फोर पानांवर आला. तो मुलगा बराच वेळ त्या तीन पानांकडे बघत होता, आणि मला वाटतं त्या क्षणी त्याला उलगडणं म्हणजे काय ते कळलं. अखंड एकच तुकडा केला असता तर 134 सेंमी व्यासाचा सोळा टोकांचा तारा झाला असता, आणि बाजारातलं कार्डशीट आहे 22 बाय 28 इंच, म्हणजे 55.9 बाय 71.1 सेंमी. तुकडे कमी म्हणजे उलगडा चांगला असं अनेक जण धरून चालतात, मला ते पटत नाही. सोळा सारखे तुकडे एका अवाढव्य तुकड्यापेक्षा कितीतरी सोपे, कारण कुठलीही कळी कुठेही बसते, नंबर बघावा लागत नाही, एखादी बिघडली तर दुसरी कापता येते.

चिकटपट्टीचंही तसंच. अ‍ॅड-ऑन ती जमेल त्या बाजूला देतं. आम्ही सगळ्या कळ्यांना फक्त डावीकडेच ठेवली, 1.2 सेंमी रुंद, उजवी कड स्वच्छ. मग सूचना एका वाक्यात संपते, की डावीकडच्या पट्टीला गोंद आणि त्यावर शेजारच्या कळीची उजवी कड. आठ वर्षांच्या मुलीनेही पहिल्यांदाच बरोबर लावलं. पट्टी अखंड ठेवायची नाही, कळीची कड वाकडी असते त्यामुळे अखंड पट्टी वळताना चुण्या पडतात, प्रत्येक आडव्या रेघेपाशी खाच मारून आठ तुकडे करायचे. काकूंनी यात भर घातली ती फार कामाची ठरली. शिवणकामात दोन कापडं जुळवायला कडेला बारीक कात मारतात, तसे कळीच्या दोन्ही कडांना चार ठिकाणी कात मारायला लावले, आणि चिकटवताना आधी कात जुळवायचे, मग मधलं दाबायचं. नाहीतर वरून सुरुवात केली की खाली येईपर्यंत कड सरकते.

टोकाचा एक मुद्दा राहिला. सोळा कळ्यांची टोकं एका बिंदूत आणली तर तिथे कळ्या आणि पट्ट्या मिळून बत्तीस थर होतात, जाड गाठ तयार होते आणि ती कधीच सुबक दिसत नाही. कळसाच्या बैठकीची त्रिज्या 6 सेंमी होतीच, म्हणून प्रत्येक कळी टोकापासून 5 सेंमीवर छाटली, तिथे ती 2 सेंमी रुंद असते, आणि वर गोल चकती लावली. कळस बसला की काही दिसत नाही. सांधा कुठे लपवता येईल ते मॉडेल करतानाच बघून ठेवावं, नंतर सुचलं तर जागा उरलेली नसते. पायाशीही तसंच, सोळा पाकळ्या नेमक्या सोळा सांध्यांवर येतील अशा धरल्या.

प्रिंटचं सांगतो. साच्याच्या प्रत्येक पानावर 100 मिमीची रेघ टाकली होती. प्रिंट दुकानातून काढून आणली आणि मोजपट्टी लावली तर रेघ 97 मिमी. सेटिंग फिट टू पेजवर होतं, बहुतेक दुकानांत ते तसंच असतं. तीन टक्के ऐकायला काहीच वाटत नाही, पण 16.8 ची कळी 16.3 होते आणि सोळा कळ्यांच्या परिघात 8 सेंमी कमी पडतात. याहून वाईट म्हणजे कळ्या आपापसात बरोबर जुळतात, शंका येत नाही, आणि घुमट पूर्ण झाल्यावर पट्ट्यावर ठेवला की कळतं. अ‍ॅक्च्युअल साइझवर पुन्हा काढून घेतली. रेघ प्रत्येक पानावर हवी, आणि उभी-आडवी दोन्हीकडे, कारण काही प्रिंटर एकाच दिशेने दाबतात.

साचा तीन पानं जोडून बाइंडिंगच्या जाड बोर्डावर चिकटवून कापला. 300 जीएसएमच्या कार्डशीटवर पेन्सिलने उतरवायचं, एका शीटमध्ये तीन कळ्या. उलटसुलट मांडल्या तर चौथी बसेल असं वाटतं पण थोडक्यात हुकते, पट्टीसाठी जागा राहत नाही. सहा शीटमध्ये अठरा, म्हणजे दोन जादा, त्या हव्याच. छापलेल्या साच्यावरच्या सात आडव्या घड्या मात्र कार्डवर घालायच्या नाहीत. मॉडेलमध्ये घुमट आठ टप्प्यांत मोडलेला असतो कारण संगणकाला सपाट पृष्ठ लागतं, कागदाला लागत नाही. कळी टेबलाच्या कडेवरून हळूहळू ओढून वळवली की सलग गोलाई येते, जी मॉडेलपेक्षाही छान दिसते. अंगठा मात्र सगळीकडे सारखा दाबायचा.

अष्टकोनी पट्टा 3 प्लायच्या (तीन थरांच्या) कोरुगेटेड पुठ्ठ्याचा, साधारण 3 मिमी जाड, आणि इथे वेगळीच गोष्ट आडवी येते. मॉडेलमधल्या पृष्ठाला जाडी नसते. बाहेरून 90 सेंमीचा अष्टकोन घेतला तर एक बाजू 37.3 सेंमी, पण 3 मिमी आतून मोजली तर 37.0. एका बाजूला पाव सेंमी, आठ बाजूंना मिळून 2 सेंमी. पट्ट्याच्या आत बसणारी 5 प्लायची अष्टकोनी छत-प्लेट मॉडेलमध्ये त्याच 90 च्या मापाची होती, तशीच कापली असती तर बसलीच नसती, म्हणून ती 89.4 ने कापली. घडीची रेघ आतल्या बाजूने दाबायची, रिफिल संपलेल्या बॉलपेनने, आणि आधी टाकाऊ तुकड्यावर दोन घड्या घालून बाहेरचं माप किती येतं ते बघायचं, कारण प्रत्येक पुठ्ठा वेगळा दबतो. पुठ्ठ्यातल्या नागमोडी थराच्या नळ्या उभ्या ठेवल्या, त्याने घडी सरळ येते आणि वरचं वजनही पेलतं. फक्त समोर, जिथे मूर्ती दिसावी म्हणून आठ कोपऱ्यांपैकी दोन कोपऱ्यांवर खांब ठेवलेच नव्हते, तिथे आतून आडव्या नळ्यांची दुसरी पट्टी चिकटवली, नाहीतर ते 90 सेंमीचं अंतर मधे झुकलं असतं. खांब म्हणजे कापडाच्या ताग्यातले पुठ्ठ्याचे रोल, त्यांच्याबद्दल सांगण्यासारखं काही नाही.

घुमटाच्या आत त्याच 3 प्लायच्या दोन अर्धगोल कमानी, एकमेकींत अर्ध्या खाचेने बसवलेल्या, खाच पुठ्ठ्याच्या जाडीएवढी. त्यांनी घुमटाचे चार भाग होतात. म्हणून कळ्याही चार-चारच्या गटात जोडायला दिल्या, चार टेबलं, चार गट, प्रत्येक गटाचा एक पाव घुमट. पाव घुमट झाला की त्याच्या पायाच्या दोन टोकांमधलं सरळ अंतर मोजायचं, ते 60.8 सेंमी यायला पाहिजे, त्रिज्या गुणिले 1.414. तीन गटांचं बरोबर आलं, एकाचं 61.3 आलं कारण पट्ट्या पुरेशा आत सरकवल्या नव्हत्या, तो गट मागच्या बाजूला लावला आणि शेवटच्या सांध्यात तेवढं जास्त चढवून घेतलं. सोळाही कळ्या एका ओळीत जोडत गेलो असतो तर ही चूक शेवटच्या कळीला, सगळं वाळल्यावर दिसली असती.

भाद्रपदातली हवा दमट, फेव्हिकॉल लवकर वाळत नाही, आणि जास्त लावला तर कार्ड ओलं होऊन उलटं वळायला लागतं. ब्रशने पातळ थर, कपड्यांचे चिमटे लावून पंख्याखाली, आणि कापलेल्या कळ्या वापरेपर्यंत जड पुस्तकांखाली. पूर्ण घुमटाचा कागद अर्ध्या किलोच्याही आत भरतो, त्यामुळे खालच्या सांगाड्यावर काहीच भार येत नाही.

कळसाला सॉफ्टवेअर वापरलंच नाही. कळस म्हणजे एकावर एक छाटलेले शंकू, आणि छाटलेला शंकू अचूक सपाट होतो, कंपासने काढता येतो. उदाहरणार्थ एक कडं खाली 6 सेंमी त्रिज्या, वर 4, उंची 5. तिरकी बाजू 5.39 येते. सपाट साच्यात बाहेरचा कंस 16.2 सेंमी त्रिज्येचा, आतला 10.8 चा, आणि कोन 134 अंश. सॉफ्टवेअर याचेच बारा-सोळा पैलू पाडून देतं आणि मग उगाच घड्या दिसतात. पाकळ्याही हाताने, प्रत्येक पाकळीत दोन वक्र रेघा बॉलपेनने दाबून बाजू मागे वळवल्या की मधला भाग आपोआप फुगतो, सपाट कागदातून एवढी भरीव पाकळी येते की लोक हात लावून बघत होते.

विसर्जनानंतर घुमट कमानींवरून चार भागांत सोडवला, एकात एक ठेवून सोसायटीच्या कपाटात गेला. शेजारच्या इमारतीला त्यांच्या लहान टेबलासाठी 60 सेंमीचा घुमट हवा आहे, त्यांनी फाइल मागितली, तर त्यांना दिलेली सूचना इथेही देतो. फाइल सरसकट 70 टक्के करू नका. कळी 70 टक्के होईल, पण चिकटपट्टी 1.2 सेंमीच ठेवा, बोटाला आणि गोंदाला तेवढी जागा लागतेच, आणि कमानीची खाच पुठ्ठ्याच्या जाडीएवढी म्हणजे 3 मिमीच ठेवा, ती लहान केली तर पुठ्ठा आत जाणार नाही. आणि त्या मापाला सोळा कळ्यांची गरजही नाही, बारा घेतल्या तरी मधली रेघ फक्त 1 सेंमी आत जाते, फक्त मग कळी नव्याने उलगडायला लागेल, पायाशी 15.5 सेंमी रुंद आणि मधोमध 46 च्या आसपास लांब, म्हणजे ए-फोरची दोन पानं पुरतील.